मांडववाला फोन उचलत नाही

पत्र सिंहगड रस्त्यावर राहणाऱ्या एका २८ वर्षांच्या मुलीचं आहे. नावं, कार्यालय आणि तारीख गाळून मजकूर थोडक्यात देते. लग्न मार्गशीर्षात, म्हणजे पाच आठवड्यांवर. सजावटीचं काम श्रावणातच एका डेकोरेटरला दिलं. ठरलेली रक्कम १ लाख ८० हजार. २० हजार टोकन तेव्हा दिलं, गणपतीनंतर आणखी ५० हजार, दोन्ही यूपीआयने. करारपत्र असं काही नाही. व्हॉट्सॲपवर आलेलं कोटेशन आणि त्याखाली तिने टाइप केलेलं ‘ओके, कन्फर्म’, एवढंच. दिवाळीच्या तोंडावर त्याचा शेवटचा मेसेज आला: ‘दिवाळीचं उरकू द्या मॅडम, मग डिझाइन पाठवतो.’ त्याला १९ दिवस झाले. फोन वाजतो, कुणी उचलत नाही. मेसेज वाचल्याच्या निळ्या खुणा दिसतात, उत्तर नाही. त्याच्या स्टेटसवर मात्र रोज कुणाचा ना कुणाचा मांडव झळकतो.

हा माणूस सुचवला तो बाबांच्या तळजाईवर फिरायला येणाऱ्या मित्राने. बाबा म्हणतात, ‘शुभकार्यात कटकट नको, येईल तो.’ होणारा नवरा म्हणतो, नावानिशी इन्स्टाग्रामवर टाकू आणि पोलिसांत जाऊ. सजावटीचा खर्च दोन्ही घरांनी निम्मा-निम्मा घ्यायचं ठरलंय, त्यामुळे गेलेल्या पैशांत ३५ हजार सासरचे आहेत. त्यांना अजून काहीच सांगितलेलं नाही. तिने विचारलंय: ‘वाट पाहू, की ७० हजारांवर पाणी सोडून दुसरा शोधू?’

तू माझ्या भाचीच्या वयाची, म्हणून एकेरीत लिहिते.

तुझ्या प्रश्नातला तो ‘की’ मला खटकला. वाट पाहायची नाहीतर पैसे सोडायचे, असे दोनच रस्ते तुला दिसतायत, कारण मांडव आणि पैसे तू एकाच गाठीत बांधलेस. ती गाठ आधी सोडव. मांडवाला तारीख आहे आणि ती पाच आठवड्यांवर आहे. पैशाचं तसं नाही; ग्राहक संरक्षण कायद्याखाली तक्रार करायला तक्रारीचं कारण घडल्यापासून दोन वर्षं मिळतात. पाच आठवड्यांचं काम आणि दोन वर्षांचं काम रात्री अडीच वाजता एकाच डोक्याने सोडवायला बसलीस, तर झोप उडणारच.

आपण आगाऊ दिलेल्या पैशापाशी कसे अडकून बसतो त्याचा एक घरचा किस्सा सांगते. माझ्या धाकट्या दिराचं लग्न आमच्या जुन्या वाड्यातच झालं. केळीचे खांब आणि आंब्याचे टहाळे आणणाऱ्याला सासऱ्यांनी पंधरा रुपये विसार दिला होता. सकाळचे सहा वाजले, सात वाजले, माणसाचा पत्ता नाही. मंडई चालत दहा मिनिटांवर, घरात सहा तरणीताठी मुलं, पण सासरे कुणाला जाऊ देईनात. ‘विसार दिलाय, येईल.’ ते पंधरा रुपये सुटत नव्हते म्हणून वऱ्हाड दारात येईपर्यंत दाराला पान नाही. शेवटी शेजारच्या वाड्यातल्या आंब्यावर एकाला चढवला. तुझे ७० हजार आहेत, त्यामुळे चिकटून बसणं साहजिकच. पण तुलाही मंडईत जाऊ न देणारी गोष्ट तीच आहे.

दुसरा ठरवला म्हणजे पहिल्याचे पैसे माफ केले, असं होत नाही. उलटंच आहे. आपला १८७२ चा करार कायदा आजही हेच सांगतो की एकाने ठरलेलं काम केलं नाही तर त्यातून सरळ होणारं नुकसान दुसऱ्याला मागता येतं, आणि ते नुकसान वाढू नये म्हणून आपण काय हातपाय हलवले हेही बघितलं जातं. तेवढंच काम तुला ऐनवेळी दुसऱ्याकडून २० हजार जास्त देऊन करून घ्यावं लागलं, तर दिलेल्या ७० हजारांबरोबर ते २० हजारही मागता येतात. (त्याच निमित्ताने वर झुंबरं लावून घेतलीस, तर झुंबरांचे पैसे तुझे तूच द्यायचे.)

फक्त क्रम चुकवू नकोस. आज रागाच्या भरात दुसरा बुक केलास आणि पहिल्याला काही कळवलंच नाहीस, तर उद्या तो हसत म्हणेल, ‘मी येणारच होतो, मॅडमनीच रद्द केलं, आणि टोकन नॉन-रिफंडेबल असतं.’ ते वाक्य कोटेशनच्या तळाशी बारीक अक्षरात असेलही, बघून ठेव. तू काम रद्द केलंस तर त्या वाक्याला काही अर्थ आहे. तोच आला नाही तर त्याच्याआड लपणं त्याला जड जाईल. म्हणून आधी त्याला लेखी विचारायचं, उत्तराला वेळ ठरवून द्यायची, ती वेळ टळली की मग दुसरीकडे जायचं. आत्ता त्याचं गप्प राहणं म्हणजे ना हो, ना नाही. वेळ घालून दिलीस की त्या गप्प राहण्याचा अर्थ लागतो.

मेसेज साधारण असा असू दे:

‘नमस्कार. अमुक तारखेला अमुक कार्यालयात असलेल्या आमच्या लग्नाच्या सजावटीचं काम तुम्ही १ लाख ८० हजार रुपयांना घेतलं आहे. त्यापोटी ७० हजार रुपये तुम्हाला दोन हप्त्यांत मिळाले आहेत. तारखा आणि व्यवहार क्रमांक सोबत देत आहे. गेल्या १९ दिवसांत आमच्या फोनला किंवा मेसेजला उत्तर आलेलं नाही. काम करणार आहात की नाही ते येत्या बुधवारी संध्याकाळी ६ वाजेपर्यंत लेखी कळवा. करणार असाल तर डिझाइन पाठवा आणि कार्यालयात प्रत्यक्ष भेटीची वेळ द्या. तोपर्यंत उत्तर न आल्यास तुम्ही काम करणार नाही असं धरून आम्ही दुसरी व्यवस्था करू आणि दिलेली रक्कम व जादा पडलेला खर्च तुमच्याकडून मागू.’

यात ‘प्लीज’ नाही, शिवी नाही, ‘माझ्या लग्नाचा सत्यानाश केलात’ही नाही. रडायचं असेल तर आईपाशी रड, मेसेज कोरडाच ठेव. तो पुढे-मागे तिसरा कुणीतरी वाचणार आहे. व्हॉट्सॲपवर पाठव, साध्या एसएमएसने पाठव, ई-मेल असेल तर तिथे पाठव, आणि कोटेशनवर छापलेल्या पत्त्यावर स्पीड पोस्टाने छापील प्रत टाकून पावती जपून ठेव.

‘लिहून घेतलं नाही, आता काय पुरावा’ असं तू पत्रात दोनदा म्हटलंयस. अगं, लिहूनच तर घेतलंयस. दर, तारीख आणि कामाची यादी असलेलं त्याचं कोटेशन, त्याखाली तुझा होकार, मग त्याच्या खात्यात गेलेले पैसे. कराराला स्टॅम्पपेपरच लागतो हा आपल्याकडचा एक हट्टी गैरसमज आहे. फक्त हे सगळं शाबूत राहायला हवं. मेसेज आपोआप पुसले जाण्याची सोय चालू असेल तर आत्ता बंद कर, सगळं चॅट एक्सपोर्ट करून स्वतःला मेल कर, आणि लग्नाच्या खरेदीत फोन बदलणार असशील तर जुना कुणाला देऊन टाकू नकोस. यूपीआयच्या दोन्ही व्यवहारांचे क्रमांक बँकेच्या पासबुकाशी ताडून बघ, आणि पैसे नक्की कुणाच्या नावावर गेले तेही बघ. या धंद्यात बरेचदा दुकान एकाच्या नावाचं आणि क्यूआर कोड बायकोच्या किंवा भावाच्या खात्याचा असतो. तसं असेल तर ते नावही टिपून ठेव.

आता तो गप्प का बसला असेल? तुझ्या पत्रात ‘फसवलं’ हा शब्द सात वेळा आहे. असेलही. पण आणखी तीन-चार शक्यता डोळ्यांसमोर ठेव, कारण पुढे कसं वागायचं ते त्यावर ठरेल. दिवाळीला बहुतेक कारागीर गावी जातात. बिहार, उत्तर प्रदेशातली मुलं छठपूजा करूनच परत येतात. तुळशीचं लग्न लागलं की मुहूर्तांचा धडाका सुरू होतो आणि मुलं मात्र अजून गाडीत असतात. अशा वेळी डेकोरेटर ओरडणाऱ्या गिऱ्हाइकाचा फोन घेतो, पाच आठवडे हातात असलेल्याचा नाही. हे एक. दुसरं, श्रावणात फुलांना मागणी असते ती पूजेची, लग्नाची नाही. तेव्हा दिलेला दर लग्नसराईतल्या गुलटेकडीच्या बाजारात परवडेनासा होतो. मग ‘दर वाढवून द्या’ म्हणायची लाज वाटते, आणि माणूस फोनच टाळतो.

तिसरी शक्यता मला सगळ्यात जास्त वाटते आणि तीच काळजीची आहे. या धंद्यात बरेच जण ह्याची टोपी त्याच्या डोक्यावर घालून चालतात. तुझ्या विसारातून मागच्या लग्नाच्या मजुरांची देणी भागतात, तुझं काम पुढच्या मुलीच्या विसारातून होतं. साखळी चालू आहे तोवर कुणाला पत्ता लागत नाही. एक मोठं काम रद्द झालं किंवा एका गिऱ्हाइकाने उरलेले पैसे बुडवले की साखळी तुटते, आणि मधे लटकलेल्यांचे फोन उचलणं बंद होतं. असा माणूस मनाने लबाड असतोच असं नाही, पण तुझे पैसे त्याच्याकडे नसतात. त्याच्याकडून काम होण्याची आशा थोडी, रोख परत मिळण्याची त्याहून थोडी, आणि उशीर कराल तशी ती आणखी कमी होत जाते. स्टेटसवर फार विसंबू नकोस. रोज दिसणारे मांडव या आठवड्यातलेच आहेत हे कशावरून? बरेच जण जुने फोटो फिरवत असतात, आणि कित्येकदा ते काम ऑफिसातला एखादा पोरगा करत असतो.

आणि शेवटची शक्यता, त्याच्या घरी काही आजारपण, सुतक. तिची चौकशी माणुसकी म्हणून करायचीच.

हे सगळं फोनवर कळणार नाही. पायांनी कळेल. कोटेशनवरच्या पत्त्यावर जाऊन या. शहराच्या कडेला, नऱ्हे-धायरीच्या अंगाला पत्र्याच्या शेडमध्ये अशी गोडाऊनं असतात. तिथे सांगाडे, पडदे, खुर्च्या दिसतायत, मुलं काम करतायत, की कुलूप आहे? शेजारच्या शेडवाल्याला एवढंच विचारा, ‘साहेब कधी येतात?’ त्याच्या उत्तरात निम्मी गोष्ट कळते. दुसरा मुक्काम तुमच्या कार्यालयाचे व्यवस्थापक. पुण्यातल्या कार्यालयांच्या व्यवस्थापकांइतकी या व्यवसायाची खबर कुणालाच नसते. कोणाने परवाच्या लग्नात सकाळी सहाऐवजी नऊला सामान उतरवलं, कोणाची मुलं सोडून गेली, सगळं त्यांना पाठ. त्यांना विचार की या माणसाने तुमच्या तारखेसाठी कार्यालयाशी काही बोलणं केलंय का. बाहेरचा डेकोरेटर आणायचा तर सामान कधी उतरवायचं, वीज किती लागेल, हे आधी बोलावंच लागतं. तो एकदाही बोलला नसेल तर ते लक्षात ठेव.

इथे बाबा येतात. ‘येईल तो’ हे वाक्य डेकोरेटरविषयी आहे असं तुला वाटतंय. मला वाटतं ते बाबांच्या स्वतःविषयी आहे. नाव त्यांनी आणलं, मित्राच्या भरवशावर. तो आला नाही तर मुलीच्या लग्नात माती खाल्ली ती आपण, असं त्यांना वाटत असणार. त्यांच्याशी ‘तुमच्या मित्राने कसला माणूस दिला’ असं बोललीस की ते त्या माणसाचे वकील होऊन बसतील. त्यांना काम दे. ‘बाबा, तुम्ही आणि काका मिळून गोडाऊनवर जाऊन याल का? माझं ऐकणार नाही तो, तुमचं ऐकेल.’ त्या मित्राला, म्हणजे काकांना, गुन्हेगार न करता मध्यस्थ कर. आपल्याकडे ओळखीतून काम देण्याचा एकच फायदा असतो, आणि तो अशा वेळीच वापरायचा असतो: अनोळखी नंबर टाळता येतो, रोज सकाळी टेकडीवर भेटणारा माणूस टाळता येत नाही.

होणाऱ्या नवऱ्याच्या दोन्ही सूचना वाईट नाहीत, अवेळी आहेत. आज नावानिशी पोस्ट टाकलीत तर उत्तर देण्याचं उरलंसुरलं कारणही त्याच्याकडे राहणार नाही. वर ‘चोर’, ‘फ्रॉड’ असे शब्द गेले तर मानहानीची नोटीस तोच तुम्हाला पाठवेल, आणि हळदीच्या दिवशी तुम्ही वकिलाकडे. सगळं निस्तरलं की मग घडलं ते तारीखवार, विशेषणं न लावता जरूर लिहा.

पोलिसांचं म्हणशील तर, काम घेतलं आणि केलं नाही एवढ्याने फसवणुकीचा गुन्हा होत नाही. पैसे घेतानाच काम करायचा इरादा नव्हता, असं दिसावं लागतं. चौकीतले साहेब ‘हा दिवाणी मामला आहे’ म्हणाले तर ते प्रत्येक वेळी टाळाटाळच करत असतात असं नाही. पण गोडाऊन रिकामं सापडलं, फोन कायमचा बंद झाला, किंवा एकाच तारखेचे पैसे चार घरांकडून घेतल्याचं कळलं, तर चित्र बदलतं. मग त्या चार घरांनी मिळून, आपापले कागद घेऊन लेखी अर्ज द्यायचा आणि त्याची पोच घ्यायची. आणि हे इतर वाचकांसाठी: इन्स्टाग्रामवर सुंदर फोटो बघून, माणूस न भेटता पैसे पाठवले आणि दुसऱ्या दिवशी ते पानच गायब झालं, तर या सदराला पत्र लिहीत बसू नका. त्याच तासाला १९३० या सायबर हेल्पलाइनला फोन करा. लवकर कळवलं तर पैसे वाटेत अडवता येण्याची शक्यता असते.

बुधवारच्या आत त्याचा फोन आला तर? ‘सॉरी मॅडम, गावाला होतो.’ तेव्हा आनंदाच्या भरात उरलेले पैसे पाठवू नकोस. असे लोक परत आले की पहिली मागणी हीच असते: ‘अजून ४० टाका, म्हणजे माल उचलतो.’ उरलेले १ लाख १० हजार हा तुझ्या हातातला एकमेव लगाम आहे. भेट कार्यालयातच ठेव, व्यवस्थापकांसमोर. डिझाइन, सामान उतरवायची वेळ, त्या दिवशी हजर राहणाऱ्या मुकादमाचं नाव आणि नंबर, हे तिथल्या तिथे मेसेजवर लिहून घे. पैसे असे: थोडे सामान कार्यालयात उतरल्यावर, बाकीचे काम उभं राहिल्यावर. याला तो तयार नसेल तर तुला उत्तर मिळालं. आणि वाढलेल्या फुलांच्या दरामुळेच तो अडला असेल आणि तसं सरळ सांगितलं, तर चिडू नकोस. फूल बदल, रंग धर. ‘मला जांभळे ऑर्किडच हवेत’ म्हणण्याऐवजी ‘जांभळा-पांढरा हवा’ म्हटलंस की शेवंती आणि निशिगंधात बरंच भागतं. मार्गशीर्षात शेवंतीला काय तोटा!

बुधवार कोरडा गेला तर गुरुवारपासून पहिल्याचं नाव मांडवाच्या कागदावरून काढून टाकायचं. पाच आठवडे सजावटीला पुष्कळ आहेत. फोटोग्राफर गेला असता तर मी इतकी निवांत लिहीत बसले नसते. चांगल्या फोटोग्राफरची तारीख गेली की गेली, पण मांडवाचे सांगाडे आणि पडदे पुन्हा पुन्हा वापरायचे असतात आणि फुलं त्या पहाटेच येतात. बऱ्याच कार्यालयांचे स्वतःचे ठरलेले डेकोरेटर असतात. त्यांचं काम तुझ्या पिंटरेस्टच्या फोटोंसारखं नसेल, पण कार्यालयाला रोज तोंड दाखवायचं असल्याने ते येतात हे नक्की. त्यांच्याकडून बोहल्यामागचा पडदा, प्रवेशद्वार आणि होमाची जागा एवढं आधी पक्कं कर. बाकी हौस पैसे उरतील तशी. गुरुजी अंतरपाट, हार आणि अक्षता मागतील. कारंजं मागणार नाहीत. तुळशीच्या लग्नाला आपण चार उसांचा मांडव घालतो आणि ते लग्न दरवर्षी व्यवस्थित लागतं. तुझी हौस खोटी आहे असं मी मुळीच म्हणत नाही. तिचा धाक मात्र घेऊ नकोस.

सासरी सांगायचं तुझ्या मनातून पुढे ढकललं जातंय, तेही बुधवारच्या आत होऊ दे. ३५ हजार गेल्यापेक्षा ‘आम्हाला शेवटी कळलं’ हे जास्त दिवस टोचतं. आणि विहीणबाईंना कळायला एक केळवण पुरतं. तू एकटीने सांगू नकोस, त्यालाच त्याच्या घरी सांगू दे: ‘डेकोरेटर दाद देत नाही, अमुक दिवसापर्यंत मुदत दिलीय, पर्याय बघून ठेवलाय.’ अडचणीबरोबर पुढची पायरीही सांगितली की मोठी माणसं एवढी घाबरत नाहीत. त्यांच्या ओळखीचा एखादा माणूस निघाला तर सोन्याहून पिवळं. फक्त त्यालाही याच अटी!

राहिला पैशाचा कागद. तो लग्नानंतर उघडलास तरी चालेल, पण लवकर उघडलास तर बरं. सुरुवात राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनपासून कर, क्रमांक १९१५. तिथे खटला चालत नाही, तक्रार समोरच्यापर्यंत पोचवून तडजोड घडवायचा प्रयत्न होतो. छोट्या डेकोरेटरवर त्याचा परिणाम होईलच असं नाही, फोन फुकट आहे म्हणून करायचा. खरी जागा जिल्हा ग्राहक आयोग. तुझी तक्रार ‘सेवेतील त्रुटी’ या सदरात बसते. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला तिथे शुल्क नाही, वकील लावलाच पाहिजे असं नाही, अर्ज ई-जागृती या सरकारी संकेतस्थळावरून घरबसल्या करता येतो. २०१९ च्या कायद्याने आणखी एक चांगली गोष्ट केली: तक्रारदार जिथे राहतो किंवा नोकरी करतो तिथल्या आयोगातही तक्रार चालते. लग्नानंतर बंगळुरूला जाणार आहेस असं लिहिलंयस, म्हणून मुद्दाम सांगितलं. निकाल लवकर लागेल असं मात्र धरून चालू नकोस. कागदावरची मुदत आणि प्रत्यक्षातल्या तारखा यांत अंतर असतं.

त्याआधीचा एक मधला रस्ता आहे, तो फार कमी लोक वापरतात. शिवाजीनगर न्यायालयात जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे. दावा दाखल करण्याआधीच प्रकरण लोकअदालतीपुढे नेण्यासाठी तिथे अर्ज करता येतो. समोरच्याला कोर्टाच्या आवारातून बोलावणं गेलं की फोन न उचलणारी बरीच माणसं हप्त्याने का होईना पैसे द्यायला तयार होतात. महिलांना तिथे उत्पन्नाची अट न लावता मोफत कायदेशीर मदत मिळते. पूर्ण ७० हजारांऐवजी ५५ हजार तीन हप्त्यांत मिळत असतील तर मी तुझ्या जागी असते तर घेतले असते. तू तत्त्वासाठी लढायचं ठरवलंस तरी माझी हरकत नाही. ग्राहक पंचायतीची सुरुवात १९७४ साली पुण्यातच झाली होती, तेव्हा तत्त्वासाठी भांडायला आपलं गाव काही वाईट नाही.

हे पत्र वाचणाऱ्या, अजून पैसे न दिलेल्या मुलामुलींना थोडंसं. टोकन देण्याआधी त्या माणसाचं उभं असलेलं एक काम सकाळी सहा-सात वाजता जाऊन बघा. रात्रीच्या दिव्यांत सगळेच मांडव सुंदर दिसतात. सकाळी मुलं किती आहेत आणि मालक स्वतः हजर आहे का, ते दिसतं. कागदावर पत्ता आणि दुसऱ्या माणसाचा नंबर घ्या. डिझाइन कोणत्या तारखेला मिळणार ते लिहून घ्या, म्हणजे गडबड पाच आठवडे आधी नाही, तीन महिने आधी कळेल. दुसरा हप्ता ‘गणपतीनंतर’ अशा मोघम शब्दाला बांधू नका, डिझाइन हातात पडण्याला बांधा. आमच्या या मुलीने ५० हजार दिले ते एकही चित्र न बघता. तिला मी याबद्दल रागावणार नाही, ती स्वतःवर पुरेशी रागावलीय.

तर मेसेज आजच पाठव, जेवायच्या आधी. बाबांना आणि काकांना उद्या सकाळी टेकडीवरूनच परस्पर गोडाऊनकडे जाऊ दे, त्या वेळी माणूस सापडायची शक्यता जास्त. बुधवारी सहा वाजता फोन येवो न येवो, गुरुवारी दहा वाजता कार्यालयाच्या व्यवस्थापकांची वेळ घेऊन ठेव. जाताना तुला हव्या असलेल्या पडद्याचा तो फोटो बरोबर ने, आणि आईलाही ने. दर कमी करून घ्यायला ती लागेल.